बँडचा सा कुठला?

तुझा प्रश्न दोनदा वाचला. थोडक्यात असं, की तुम्ही पाच जण इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहात, आठ महिन्यांपासून इंदिरानगरला एका मित्राच्या गच्चीवरच्या खोलीत वाजवताय, गायिकेची शास्त्रीय गाण्याची मध्यमा परीक्षा पूर्ण झालीय, एक तबलजी आहे, आणि बाकी तिघं गिटार, बास, ड्रम्सवाले रॉक ऐकत मोठे झालेले. वाजवायला लागलं की "दोन वेगळे कार्यक्रम एकाच वेळी चालू आहेत" असं वाटतं. शिवाय तिचे गुरुजी नाराज, नाशिकमध्ये गिग मिळत नाहीत, आणि तुला पुण्याच्या कंपनीची ऑफर आलीय तर बँडचं काय करायचं.

मी २००६ पासून इथेच हे करतोय. आधी गिटार, नंतर आमचा बासवाला दुबईला गेला म्हणून बास, आणि आता नव्या पोरांची गाणी बसवून देतो. त्यामुळे जे सांगतोय ते वाजवून बघितलेलं आहे, पण आवाज वेगळा, तालीम वेगळी, माणसं वेगळी म्हटल्यावर थोडं इकडेतिकडे होणार हे धरून चाल.

तू याला फ्यूजनचा प्रश्न म्हणतोयस. मला अडचण त्याच्या बरीच आधीची दिसते, कारण तुझ्या प्रश्नात मध्येच एक वाक्य आलंय की "सगळी गाणी आम्ही ई मध्येच बसवलीत, गिटारला सोपं पडतं". मी तिथेच थांबलो. म्हणजे बँडचा सा गिटारनं ठरवला आणि गाणारीला त्यात बसवलं. तिला विचारलं का कुणी, की तुझा सा कुठला?

आम्ही पहिलं पूर्ण वर्ष हीच चूक केली. आमच्याकडेही गाणारी मुलगीच होती, तिचा सा काळी चार (पेटीवरच्या सप्तकातली चौथी काळी पट्टी), आणि आम्ही तिला पांढरी तीनमध्ये, म्हणजे ई मध्ये, गायला लावायचो कारण गिटारची सगळ्यात जाड तार उघडी वाजली की ई येतो आणि रॉकमध्ये तो दणदणीत लागतो. खालचा सा धरला तर तिला मंद्रात, म्हणजे खालच्या सप्तकात, जागाच नाही, वरचा धरला तर सगळं ओढून गावं लागायचं. तालमीला ती तासाभरात दमायची आणि आम्हाला वाटायचं हिला रॉकची एनर्जी नाहीये. खरंतर आम्ही तिचा आवाजच काढून घेतला होता. या गोष्टीचं मला अजून वाईट वाटतं.

तर पहिलं काम हे कर. एक दिवस कुणीही काही वाजवायचं नाही. तिला तानपुरा लावून बसव, अ‍ॅपवरचा चालेल, आणि मंद्र पंचमापासून वरच्या, तार सप्तकातल्या मध्यम-पंचमापर्यंत न ताणता कुठल्या सुरात जाता येतं ते बघा. ती शिकलेली आहे, तिला तिचा सा आधीच माहीत असणार, पण तुम्ही चौघांनी तो बसून ऐकायला पाहिजे. मग गिटार तिच्याकडे न्यायची, तिला गिटारकडे नाही.

समज तिचा सा काळी चार निघाला, मुलींचा बऱ्याचदा तिथेच आसपास असतो. गिटारिस्ट म्हणेल जी शार्प, कटकट आहे. अजिबात नाही. सगळ्या तारा अर्धा सूर खाली उतरव, रॉकवाले हे एरवीही करतातच, १० गेजच्या तारा आरामात सहन करतात. आता पाचवी तार, जी एरवी ए असते, ती उघडी वाजवली की काळी चार. म्हणजे तिचा सा. आणि सहावी तार उघडी वाजवली की काळी दोन, म्हणजे तिचा मंद्र पंचम. दोन उघड्या तारांत सा आणि प हातात आले. गिटारिस्टची बोटं आहेत तिथेच, तो अजूनही ए च्या शेपमध्येच, म्हणजे ए च्या बोटांच्या ठेवणीतच, वाजवतोय. आम्हाला हे सुचायला वर्ष लागलं आणि ज्या दिवशी असं लावून बघितलं त्या दिवशी ती पहिल्यांदा डोळे मिटून गायली.

आता राग. तू लिहिलंयस मालकंसवर एक गाणं करताय आणि "तो पेंटॅटॉनिकच असल्यामुळे सोपा जाईल असं वाटलं होतं". पेंटॅटॉनिक म्हणजे पाच सुरांचा, आणि हे प्रत्येक गिटारिस्टला वाटतं, मलाही वाटलं होतं, आणि याच्यावर जरा सविस्तर लिहितो कारण मला वाटतं तुमचे दोन वेगळे कार्यक्रम इथेच सुरू होतात.

मालकंसात सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नि. रे आणि प नाहीत. वरच्या ट्यूनिंगमध्ये ए च्या शेपला सा धरला तर हे पाच सूर होतात ए, सी, डी, एफ, जी. गिटारिस्ट बघतो आणि म्हणतो अरे ही तर डी मायनर पेंटॅटॉनिक. म्हणजे डी पासून सुरू होणारी पाच सुरांची सरगम. सूर तेच आहेत, बरोबर. पण त्याची बोटं आयुष्यभर डी वर जाऊन थांबायला शिकलीत, त्यामुळे तो प्रत्येक ओळ मध्यमावर नेऊन संपवतो. त्याच्यामागून बासवाला डी धरतो. झालं, ऐकणाऱ्याच्या कानाला डी हाच सा वाटायला लागतो, आणि डी ला सा धरून तेच पाच सूर ऐकलेस तर तो मालकंस राहतच नाही, तो धानी नावाचा दुसराच राग होतो. गायिका बिचारी मालकंस गातेय आणि खाली बँड धानी वाजवतोय. तिला काहीतरी चुकतंय हे कळतं पण सांगता येत नाही, तुम्हाला तर कळतच नाही कारण चुकीचा सूर एकही नाहीये.

त्यामुळे या गाण्यात राग सांभाळायची सगळ्यात मोठी जबाबदारी बासवाल्यावर आहे. त्यानं सा सोडायचा नाही. वर गिटार कुठेही फिरू दे, बास सा वर बसलेला असला की मालकंस टिकतो. बासवाल्यांना हे बोअर वाटतं, मी स्वतः बास घेतल्यावर मला पण वाटलं, पण मग मी तानपुरा घेऊन बसलेल्या माणसाकडे नीट बघायला लागलो.

दुसरी भानगड पॉवर कॉर्डची. पॉवर कॉर्ड म्हणजे काय तर सूर आणि त्याचा पंचम. सा वर पॉवर कॉर्ड मारलास की सा बरोबर प वाजला, आणि मालकंसात प वर्ज्य आहे! तुझ्या गाण्याचा मुख्य रिफ (परत परत येणारा गिटारचा तुकडा) सा वरच्या पॉवर कॉर्डनं सुरू होत असेल तर पहिल्या ठोक्यालाच राग मोडला. गंमत बघ पण, बाकीच्या चारही सुरांवर पॉवर कॉर्ड बिनधास्त चालते. मध्यमावर मारलीस तर म आणि सा, गंधारावर ग आणि नि, धैवतावर ध आणि ग, निषादावर नि आणि म, सगळे रागातलेच सूर. फक्त सा वर नाही. मग सा वर काय वाजवायचं? मालकंसाला तानपुरा कसा लावतात आठव, पहिली तार पंचमाऐवजी मध्यमात. तेच गिटारवर कर. सहावी तार आणखी एक सूर खाली उतरव, म्हणजे पोरं ज्याला ड्रॉप डी म्हणतात तेच, फक्त अर्धा सूर खाली. आता सहावी उघडी म्हणजे म, पाचवी उघडी म्हणजे सा, चौथी उघडी म्हणजे परत म. तिन्ही एकदम वाजव. हेवी मेटलवाल्यांचं लाडकं ट्यूनिंग आणि मालकंसाचा तानपुरा, एकाच हातात. बासवाल्यानं खाली सा धरला की वरून कितीही डिस्टॉर्शन (गिटारचा फाटका, खरखरीत आवाज) लाव, गायिका आरामात आलाप घेईल. मी पहिल्यांदा असं वाजवलं तेव्हा आमच्या तबलजीनं तबला थांबवून नुसतं ऐकलं होतं. आणि त्याला वेगळा तबला पण घ्यावा लागला नाही, कारण काळी चारचा मध्यम म्हणजे काळी एक, आणि काळी एकचा तबला त्याच्याकडे होताच, तो त्यानं मध्यमात मिळवला.

डिस्टॉर्शनवरून आठवलं. तू लिहिलंयस की गायिका म्हणते "गिटार बेसूर आहे" आणि गिटारिस्ट ट्यूनर दाखवतो की बघ हिरवा लाईट आहे. दोघंही खरं बोलतायत. तानपुऱ्यातून आपसूक जो शुद्ध गंधार ऐकू येतो तो फ्रेटवरच्या गंधारापेक्षा साधारण १४ सेंट खाली असतो, म्हणजे अर्ध्या सुराचे १०० भाग केले तर त्यातले १४. तिचा कान त्या गंधारावर तयार झालाय. पंचमात हाच फरक फक्त २ सेंटचा आहे, तो कुणाला जाणवत नाही. त्यात डिस्टॉर्शन लावलं की गंधाराचा फरक आणखी मोठा होऊन गुरगुरतो. म्हणून साधा उपाय, गायिका गात असताना डिस्टॉर्शनवर गंधार असलेली कॉर्ड वाजवायची नाही. सा-प किंवा, मालकंसात, सा-म ठेवा, गंधार तिच्यासाठी सोडा. कॉर्ड भरून वाजवायचीच असेल तर क्लीन टोनवर आणि ती थांबलेली असताना.

आता ताल. सोळा मात्रा, आठ मात्रा याचं ड्रमरला काही वाटत नाही, तीनताल आणि केरवा चारात बसतात. तुमचं दुसरं गाणं रूपकात आहे म्हणतोस आणि तबलजी-ड्रमरचं रोज भांडण. मला न ऐकता सांगता येईल काय होतंय. रूपक सात मात्रांचा, तीन-दोन-दोन, ती ती ना, धी ना, धी ना. ड्रमरनं सात मोजले, पहिल्या मात्रेवर किक (पायानं वाजवायचा मोठा ड्रम) हाणली कारण त्याच्या डोक्यात एक म्हणजे सगळ्यात जड. पण रूपकाची सम, म्हणजे पहिली मात्रा, हीच खाली आहे. तिथे डग्गा बोलत नाही, ती जागा हलकी असते, वजन येतं चौथ्या आणि सहाव्या मात्रेच्या धी वर. तबलजी जिथे जाणूनबुजून रिकामं ठेवतोय नेमकं तिथेच ड्रमर बाँब टाकतोय. ड्रमरला सांग, पहिल्या तीन मात्रा फक्त हायहॅट (झांजांची जोडी), किक चौथीला आणि सहावीला. दोन दिवस त्याला उलटं वाटेल. त्यानं वाजवायच्या आधी हातावर टाळी-खाली देऊन ठेका तोंडानं म्हणावा, आठवडाभर, रोज दहा मिनिटं, तबलजीच्या समोर बसून. आमच्या ड्रमरनं हे अंबडला त्याच्या वडिलांच्या वर्कशॉपच्या गाळ्यात केलं, सुट्टीच्या दिवशी मशिनं बंद असायची तेव्हा, आणि त्यानंतर त्या दोघांचं भांडण झालेलं मला आठवत नाही.

आणि दोघांनी सतत एकत्र वाजवू नका. डग्गा, किक आणि बास तिन्ही खालच्याच पट्टीत गर्दी करतात, पीएवर, म्हणजे कार्यक्रमाच्या मोठ्या स्पीकरवर, नुसता गडगडाट ऐकू येतो. स्थायीला तबला, रिफला ड्रम्स, शेवटच्या तिहाईला दोघं, असं काहीतरी वाटून घ्या. काय वाटायचं ते गाण्यावर आहे.

व्हॉल्यूमचं एक. तुमच्या त्या गच्चीवरच्या खोलीत गायिका माइकशिवाय गायली तर ऐकू येते का? येत नसेल तर निदान वर्षभर तालीम त्या आवाजात करू नका. ड्रमरनं काड्यांऐवजी रॉड्स किंवा ब्रश घ्यावेत, गिटार छोट्या अँपवर, सगळे जमिनीवर गोल बसून. मोठ्या आवाजात सगळ्यांना वाटतं आपण छान वाजवतोय. हळू वाजवलं की कोण कुणाचं ऐकत नाहीये ते लगेच कळतं. शेजाऱ्यांचा त्रास कमी होतो तो वेगळाच, आणि रात्री दहानंतर तसंही स्पीकर लावता येत नाही.

तबल्याचं हवामान सांभाळा. नाशिकच्या पावसात पुडी सैल पडते, सूर उतरतो. उलट मे महिन्यात लॉनवर शो असेल आणि स्टेजचे दिवे अंगावर असतील तर चढतो. आमचा एका गॅदरिंगचा शो यातच गेला, तिसऱ्या गाण्यापर्यंत तबला जवळपास अर्धा सूर वर गेला होता आणि मॉनिटर नीट नसल्यामुळे आम्हाला ते घरी रेकॉर्डिंग ऐकल्यावर कळलं. तेव्हापासून दोन तबले, आणि दर दोन गाण्यांनंतर हातोडी काढायला वेळ. त्या वेळात गायिकेनं दोन वाक्यं बोलावीत, लोकांना चालतं.

गुरुजी. हा तुझ्या प्रश्नातला सगळ्यात नाजूक भाग आहे आणि इथे मी ठाम काही सांगू शकत नाही, माणसावर आहे. पण मला वाटतं त्यांचा राग गिटारवर नसावा. आमच्या गायिकेचे गुरुजीसुद्धा असेच रागावले होते, चार महिने त्यांनी तिला नवीन बंदिश दिली नाही. शेवटी आम्ही सगळे त्यांच्या घरी गेलो, गिटार न घेता. त्यांनी एवढंच विचारलं, "राग लावता की नुसते सूर लावता?" आणि आमच्यापैकी एकालाही उत्तर देता आलं नाही. मग त्यांनीच आमच्या गिटारिस्टला मालकंसाची आरोही-अवरोही आणि कोमल गंधारावर कसं जायचं ते गाऊन दाखवलं, त्यानं पुढे सहा महिने तार ओढून तेवढीच एक मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर सलग घसरत जाणं) घासली. ते कधी आमच्या शोला आले नाहीत, पण तिचं शिक्षण परत सुरू झालं. तुम्हीही जा. तिला एकटीला पाठवू नका, बँडचं ओझं तिच्या एकटीच्या खांद्यावर टाकणं बरोबर नाही. बंदिश कुणाची आहे हेही त्यांनाच विचारा, कारण पारंपरिक असेल तर प्रश्न नाही, पण अलीकडच्या रचनाकाराची असेल तर त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षांपर्यंत हक्क असतो, यूट्यूबवर टाकायच्या आधी परवानगी लागते.

आणि नाशिकला हे गाणं परकं नाहीये रे. पं. विष्णू दिगंबर पलुस्करांनी १९०१ मध्ये लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं, राजेरजवाड्यांच्या दरबारातलं गाणं साध्या माणसांच्या पोरांना शिकवलं, आणि पुढे आपल्या पंचवटीतच रामनाम आधार आश्रम उभा केला. त्यांचे चिरंजीव द. वि. पलुस्कर १९२१ मध्ये नाशिकलाच जन्मले. पिंपळपारावरच्या पाडवा पहाटेला लोक अंधारात येऊन बसतात. ऐकणारे कान इथे आहेत, फक्त ते तुम्ही गिग शोधताय त्या गंगापूर रोडच्या रेस्टोबारमध्ये जेवायला आलेले नसतात. तिथे हिंदी गाणी मागणारच. आमच्या पहिल्या दोन वर्षांत ११ कार्यक्रम झाले, त्यातल्या फक्त ४ चे पैसे मिळाले. रेस्टोबारला कव्हर वाजवायला माझा विरोध नाही, पैसे येतात, स्टेजची भीती जाते, पण दर सेटमध्ये स्वतःची दोन गाणी ठेवायचीच, आणि कोजागिरी, गणपती, कॉलेजचं गॅदरिंग, कुणाच्या हॉलमधली ४० माणसांची बैठक हे सोडू नका. आमचे पहिले खरे श्रोते बैठकीतच मिळाले.

पुण्याची ऑफर घे. मी हे मनापासून सांगतोय. दिल्लीचा इंडियन ओशन १९९० मध्ये सुरू झाला, पहिला अल्बम १९९३ ला आला, आणि ज्या ‘कंदिसा’नं त्यांचं नाव सगळीकडे झालं तो २००० मध्ये. बंगळुरूचा अगम, कर्नाटक संगीत आणि रॉक, २००३ पासून, पहिला अल्बम २०१२ मध्ये, आणि त्यांच्यातले बरेच जण नोकरी सांभाळून वाजवत आलेत. हे संगीत मुरायला वेळ लागतो आणि तोपर्यंत घरभाडं कुठूनतरी यायला हवं. पुण्याहून नाशिक पाच तास आहे, महिन्यातले दोन रविवार धर. दर रविवारी भेटून एकमेकांवर वैतागण्यापेक्षा महिन्यातून दोनदा घरचा अभ्यास करून भेटलेला बँड बरा चालतो. फक्त जायच्या आधी एक बोलणं करून घ्या, गाणं कुणाचं, पैसे आले तर कसे वाटायचे, कुणी सोडून गेलं तर गाणी कुणाकडे राहणार. ग्रुपवर लिहून ठेवा, सगळ्यांनी हो म्हणा. मैत्रीत हे विचारायला लाज वाटते म्हणून आम्ही विचारलं नाही, आणि आमची तीन चांगली गाणी आज कुणालाच वाजवता येत नाहीत.

नवीन गाणं सध्या करू नका. मालकंसाचंच घ्या, दोन महिने तेवढंच. या रविवारी तिचा सा बघा आणि इथे खाली लिही, काळी चार नसेल तर ट्यूनिंग बदलेल, बासच्या तारा पण कदाचित जाड घ्याव्या लागतील, ते मी सांगतो. आणि रूपकवाल्या गाण्याचं फोनवर केलेलं कसलंही रेकॉर्डिंग असलं तर टाक, ड्रमरची किक कुठे पडतेय ते मला ऐकायचंय.